हानसाहेबांचे पस्तीस सेकंद

कुवेतमधल्या मीना अब्दुल्ला रिफायनरीच्या साइटवर कोणी "दोन मिनिटांत आलो" म्हणून टाइम ऑफिसच्या खिडकीपासून हललं, की आत बसलेले हानसाहेब शर्टाच्या खिशातलं स्टॉपवॉच काढून दाबायचे. माणूस परत आला की घड्याळ त्याच्यासमोर धरून, चेहऱ्यावर काही न दाखवता सांगायचे, "सहा मिनिटं, चाळीस सेकंद. दोन नाही." हे ते कुठे लिहून घेत नसत, कोणाचा खाडा मांडत नसत. फक्त सांगायचे. पण त्या सांगण्यामुळे आमच्यातल्या भल्याभल्यांनी "दोन मिनिटं" म्हणणंच सोडून दिलं. आमच्या कंपनीच्या बसचे ड्रायव्हर इकबालभाई, श्रीवर्धनचे, तेवढे हट्टाने म्हणायचे, "साहेब, आमच्या कोकणात दोन मिनिटं अशीच असतात. लांब." यावर हानसाहेब गंभीरपणे मान हलवायचे. "कोकण मोठा देश," म्हणायचे.

मी हे लिहायला घेतलं आहे खरं, पण कितपत जमेल याची खात्री नाही. मी इलेक्ट्रिशियन आहे. गाव गुहागर तालुक्यातलं. आयटीआय करून कुवेतला आलो आणि इथूनच बाहेरून बी.ए. करतो आहे, वर्षाची सुटी परीक्षेला जोडून घेतो. यंदा शेवटचं वर्ष. आमच्या घरात कॉलेजची पुस्तकं उघडणारा मी पहिलाच, त्यामुळे चुकलो तर सांगणारं घरात कोणी नाही. संगीतातलं तर मला भजनातल्या पेटीपलीकडे काही कळत नाही. तरी ज्या माणसाबद्दल लिहायचं आहे, त्याला संगीतकार म्हणून ओळखणारे साइटवर आम्ही दोघंच होतो, इकबालभाई आणि मी. इकबालभाई म्हणाले, "मी गाडी चालवतो. तू लिही, प्रोफेसर."

हानसाहेब कोरियाचे, साठी उलटलेले, अंगाने सडपातळ. कंपनीही कोरियन. ते टाइमकीपर होते, म्हणजे कोण किती वाजता आत आला, किती वाजता बाहेर पडला, याची नोंद ठेवणारे. इराकच्या आक्रमणाआधी काही वर्षं कुवेतमध्ये काढलेली, आक्रमणात निघून गेलेले, आणि रिफायनरीची दुरुस्ती सुरू झाल्यावर परत आलेले. त्यांची भाषा म्हणजे थोडी इंग्रजी, थोडी हिंदी, मध्ये अरबी "खलास" आणि "यल्ला", म्हणजे चला. त्यांचं बोलणं मी इथे मराठीत लिहितो आहे, पण वाक्यं त्यांच्यासारखीच छोटी ठेवली आहेत.

त्यांची माझी ओळख झाली एका भिंतीवरच्या घड्याळामुळे. सुटीवरून येताना त्यांनी ते सोलहून आणलं होतं. विजेवर चालणारं ते घड्याळ तासाला बरोबर दहा मिनिटं मागे पडायचं. टाइम ऑफिसचंच घड्याळ मागे, म्हणून सगळे हसायचे. मी ते उघडलं तर आत काही बिघाड नव्हता. "साहेब, घड्याळ चांगलं आहे. वीज वेगळी आहे," मी म्हटलं. कोरियातली वीज सेकंदाला साठ हेलकावे घेते, कुवेतमधली पन्नास. तसल्या घड्याळाची मोटर त्या हेलकाव्यांच्या तालावर फिरते. हेलकावे कमी, तर मोटर हळू. मी हे कागदावर काढून दाखवलं. त्यांनी तो कागद घडी करून खिशात ठेवला आणि म्हणाले, "चार महिने मी घड्याळाला शिव्या दिल्या."

तेव्हापासून ते मला "संतो" म्हणू लागले. संतोषमधला ष त्यांना कधी जमला नाही.

पुढच्या थंडीत, एका शुक्रवारी सकाळी ते अबू हलीफा भागात इकबालभाईंच्या आणि माझ्या फ्लॅटवर आले. कंपनीने त्यांना दिलेली खोली आमच्यापासून दोनच गल्ल्या पलीकडे होती, पण याआधी ते कधी आले नव्हते. हातात प्लास्टिकच्या पिशवीत एक व्हिडिओ कॅसेट. इकबालभाईंच्या व्हीसीआरवर सगळ्या देशांच्या कॅसेट चालतात, हे त्यांनी साइटवर ऐकलं होतं. दारात बूट काढून, जोडीने नीट लावून ते आत आले.

इकबालभाई मासे साफ करत बसले होते. तसेच ओले हात घेऊन टीव्हीसमोर आले. पडद्यावर काळापांढरा सिनेमा सुरू झाला.

"साहेब, हिरो कोण?"

"हिरो नाही. हिरो लढाईत हरवला."

"मग गाणी?"

"नाही."

"मग बघायचं काय?"

"ऐक," हानसाहेब म्हणाले.

पडद्यावर नावं सरकत होती. एका नावाशी त्यांनी बोट टेकवलं. "हा मी." आम्ही दोघांनी एकदा त्या अक्षरांकडे आणि एकदा त्यांच्याकडे पाहिलं. इकबालभाईंनी विचारलं, "ॲक्टर होतात तुम्ही?" त्यांनी नाही अशी मान हलवली. "संगीत. माझं."

गोष्ट साधी होती. त्यांनी नाव सांगितलं होतं, पण ते मला नीट उच्चारता येत नाही, म्हणून लिहीत नाही. लढाईत हरवलेल्या नवऱ्याची वाट पाहत कपडे शिवणारी एक बाई. शेवटी ती मशीन शेजारणीला देऊन टाकते आणि नावेत बसून नदीपलीकडे जाते. सगळा सिनेमा दहा रिळांचा. नऊ रिळं आम्ही आवाजासकट पाहिली. दहावं सुरू झालं आणि खोलीत एकदम शांतता झाली. नाव हलत होती, बाईचे ओठ हलत होते, पण आवाज नव्हता. इकबालभाई उठून वायर हलवायला लागले, तर हानसाहेब म्हणाले, "वायर ठीक. आवाज हरवला."

तेव्हा त्यांनी खिशातून पत्र काढलं. सोलमध्ये जुने सिनेमे जपणारे काही लोक होते. त्यांना ही एवढी एकच प्रत सापडली होती, आणि तिच्या शेवटच्या रिळावरचा आवाज गेला होता. संवादांचा कागद मिळाला होता, संगीताचा नव्हता. हानसाहेबांना त्यांनी विचारलं होतं: तुम्हाला ते आठवतं का? आठवत असेल तर लिहून द्याल का? नसेल तर दुसऱ्या कोणाकडून नवीन करून घेऊ. उत्तराला दोन महिन्यांची मुदत होती.

"आठवतं?" मी विचारलं.

"सगळं," ते म्हणाले. असं म्हणताना त्यांच्या आवाजात जराही शंका नव्हती.

त्यानंतरच्या शुक्रवारांमध्ये ते आम्हाला त्या दिवसांबद्दल सांगत गेले. कोरियातली लढाई संपून दोन-तीन वर्षं झालेली, शहर मोडलेलं. तोवर बरेच निर्माते परदेशी तबकड्या आणून प्रसंगाखाली लावून द्यायचे. रडायचं असेल तर एक तबकडी, पळायचं असेल तर दुसरी. "बाई आमची. नदी आमची. मग रडणं परदेशी का?" असं म्हणून चोवीस वर्षांचे हानसाहेब निर्मात्यांच्या दारात जायचे. एकाने हो म्हटलं आणि चार दिवस दिले. सिनेमा दोनदा दाखवला. स्टॉपवॉच त्याच वेळी त्यांनी कोणाकडून तरी उसनं आणलं. कुठला प्रसंग किती सेकंदांचा, ते लिहून घ्यायचं आणि तेवढ्याच मापाचं संगीत करायचं. लिहायला कोरा कागद नव्हता, तर लष्करी फॉर्मांच्या पाठकोऱ्या बाजूवर.

रेकॉर्डिंग व्हायचं एका गोदामात. भिंतींना घोंगड्या टांगलेल्या. समोर पडद्यावर सिनेमा चालू. एका कोपऱ्यात संवाद बोलणारे, दुसऱ्यात दार वाजवणारा आणि पावलांचे आवाज काढणारा, आणि मध्ये सात वादक. सगळं एकाच वेळी, एका दमात, दहा मिनिटं. कोणी खोकला तर रीळ पहिल्यापासून, आणि कोरी फिल्म मिळणं इतकं अवघड की दोनदा खोकलेल्या माणसाला बाहेर काढायचे. हानसाहेब डाव्या हाताने वादकांना खूण करायचे आणि उजव्या हातातल्या स्टॉपवॉचकडे बघायचे.

मी एकदा विचारलं की लोक तुमचं कौतुक करायचे का. ते म्हणाले, "लोक रडत बाहेर यायचे. म्हणायचे, ती नटी चांगली. मग मला कळायचं, आज मी ठीक होतो." आणि मग: "सिनेमा कोट आहे. मी अस्तर. अस्तर कोणी बघत नाही. काढून बघा, थंडी वाजते."

पुढे टीव्ही आला, सिनेमे कमी झाले. कंपन्या आखातात माणसं नेत होत्या. "अर्जात विचारलं, काय येतं? मी लिहिलं, वेळ मोजता येतो." हे सांगून ते स्वतःच हसले. मी त्यांना हसताना त्या दिवशी पहिल्यांदा पाहिलं.

काम असं चालायचं: ते डोळे मिटून, पेन्सिलीने मांडीवर ताल धरून पूर्ण संगीत गुणगुणायचे आणि स्टॉपवॉच मी धरायचो. आवाज शाबूत असलेली नऊ रिळं मोजायची गरज नव्हती, ती नुसती ऐकली; तिसऱ्या शुक्रवारी दहाव्या रिळाला पोचलो. कॅसेटवर ते बरोबर दहा मिनिटं चालत होतं. त्यांचं गुणगुणणं संपलं तेव्हा घड्याळात दहा मिनिटं पस्तीस सेकंद झाले होते. पडद्यावरची बाई केव्हाच पलीकडे उतरून गेली होती आणि हानसाहेब अजून तिला नदीतच वल्हवत होते.

"पुन्हा," ते म्हणाले. दहा चौतीस. पुन्हा. दहा पस्तीस.

त्यांनी पेन्सिल खाली ठेवली. इकबालभाई समजूत घालत म्हणाले, "साहेब, चाळीस वर्षं झाली. अर्ध्या मिनिटाचं काय घेऊन बसलात? जरा भरभर म्हणा, संपलं." हानसाहेब त्यांच्याकडे पाहून म्हणाले, "भरभर म्हटलं तर ते माझं नवीन. त्यांनी नवीन नाही मागितलं. मला वाटतं मला आठवतं. पण आठवत नाही. मी नाही म्हणून कळवतो." कॅसेट पिशवीत घालून ते निघून गेले. पुढचा आठवडाभर साइटवर कोणी "दोन मिनिटं" म्हटलं तरी त्यांनी खिशाला हात लावला नाही. त्याचं मला फार वाईट वाटलं. ज्या माणसाने आयुष्यभर स्वतःच्या मापावर विश्वास ठेवला, त्याचा तो विश्वासच माझ्या हातातल्या घड्याळाने काढून घेतला होता.

त्या आठवड्यात आम्ही टाकीच्या मागे वेल्डिंगला वीज देत होतो, जनरेटरवरून. तीन वेल्डिंग मशीन एकदम सुरू झाली की जनरेटर दबतो, त्याचा आवाज जड होतो, पंखे हळू फिरतात. हे मी रोज पाहतो. पण त्या दिवशी मी हातातली वायर तशीच धरून उभा राहिलो, कारण हानसाहेबांनी सांगितलेलं एक वाक्य आठवलं. गोदामात वीज यायची लष्कराच्या जुन्या जनरेटरवरून, आणि सगळे दिवे लावले की "तो म्हाताऱ्यासारखा कण्हायचा."

जेवणाच्या सुटीत मी टाइम ऑफिसात गेलो. मला नीट मांडता येईल की नाही, याची भीती वाटत होती. मी विचारलं, "साहेब, पडद्यावर सिनेमा दाखवणारं मशीन आणि आवाज टिपणारं मशीन, दोन्ही त्याच जनरेटरवर होती?"

"हो. सगळं त्याच्यावर."

"मग ती दोन्ही हळू चालत होती. तुमच्या भिंतीवरच्या घड्याळासारखी." जनरेटर दबला की हेलकावे कमी, हेलकावे कमी की मोटर हळू. म्हणजे गोदामात त्यांच्या समोर रीळ दहा मिनिटांत संपतच नव्हतं. दहा मिनिटं पस्तीस सेकंद घेत होतं. त्यांनी त्याच मापाचं संगीत वाजवून घेतलं. पुढे थिएटरात चांगल्या विजेवर तेच रीळ पळालं, तेव्हा पस्तीस सेकंद गेले. "तुमची आठवण बरोबर आहे," मी म्हटलं. "रीळ पळतंय."

ते शुक्रवारी कॅसेट घेऊन आले आणि तिसरं रीळ लावायला सांगितलं, ज्यात आवाज शाबूत होता. आधी डोळे मिटून त्यांनी त्यातला एक तुकडा गुणगुणला: दोन मिनिटं. मग कॅसेटवर तोच तुकडा मोजला: एक मिनिट त्रेपन्न सेकंद. दोन मिनिटांत सात, तर दहा मिनिटांत पस्तीस. हिशेब जुळला. मग त्यांनी खिशातून सूर लावायची छोटी शिट्टी काढली, फुंकली, कॅसेट पुन्हा ऐकली, पुन्हा फुंकली. कॅसेटवरचं सगळं त्या शिट्टीपेक्षा अर्धा सूर वर होतं. तबकडी भरभर फिरवली की आवाज चढतो, तसं.

इकबालभाई खूश झाले. "बघा साहेब, डोकं तुमचं अजून तरुण."

हानसाहेब शिट्टी हातात धरून बसले होते. ते म्हणाले, "यूनचा सूर बरोबर होता."

यून हे नाव आम्ही तेव्हा पहिल्यांदा ऐकलं. सात वादकांमधला व्हायोलिनवाला, हानसाहेबांचा बालमित्र. गोदामात पियानो नव्हता, म्हणून सगळे वादक यूनच्या व्हायोलिनवरून सूर लावायचे. थिएटरात सिनेमा पाहताना हानसाहेबांच्या कानाला सगळं अर्धा सूर चढलेलं लागलं. संवाद बोलणाऱ्यांचे आवाजही चढलेच असणार, पण माणसाच्या बोलण्याला कोण सूर लावून बघतो? गोदामातल्या गडबडीत आपल्याला कळलं नाही असं समजून त्यांनी ठरवलं की आपलं व्हायोलिन चमकावं म्हणून यूनने तार चढवून ठेवली आणि त्याच्यामागे सगळे चढले. बाहेर आल्यावर थिएटरच्या पायरीवर, सगळ्यांसमोर त्यांनी त्याला तसं बोलून दाखवलं. यून म्हणाला, मी सुरात होतो. त्यानंतर हानसाहेबांनी त्याला कधी बोलावलं नाही, आणि कोणी विचारलं तर सांगत राहिले की तो तार चढवतो. वर्षभरात यूनला सिनेमाची कामं मिळेनाशी झाली. तो शहर सोडून गेला.

"पण साहेब, तुम्हाला तरी काय माहीत?" इकबालभाई म्हणाले. "जनरेटरची चूक."

"जनरेटर बोलत नाही. बोललो मी."

संगीत लिहायला त्यांना महिना लागला. रोज ड्यूटीनंतर, जेवणाच्या टेबलावर कागद पसरून. एक प्रश्न उरला होता: शेवटचं रीळ खऱ्या सुरात लिहायचं की चढलेल्या? मला वाटलं होतं, आता खरं कळलं आहे तर ते खरंच लिहितील. त्यांनी चढलेलं लिहिलं. अर्धा सूर वर आणि पस्तीस सेकंद कमी, म्हणजे लोकांनी थिएटरात ऐकलं होतं तसं. मी कारण विचारलं. "नऊ रिळं चढलेली. दहावं बरोबर वाजवलं तर लोकांना वाटेल, दहावं चुकलं. सिनेमा एक आहे. मला माझा सूर दाखवायला नाही बोलावलं."

मग त्यांनी माझ्याकडे काम दिलं. जनरेटरची सगळी हकीकत इंग्रजीत लिहायची, खाली सही करायची, आणि सहीखाली "इलेक्ट्रिशियन" असं लिहायचं. मी गडबडलो. म्हटलं, साहेब, कोणा इंजिनीयरची सही घ्या. माझ्याकडे डिग्री नाही, अजून दोन वर्षं आहेत. ते म्हणाले, "त्या थिएटरात डिग्रीवाले खूप होते. कोणाला नाही कळलं. तू लिही. जे माहीत आहे तेवढंच. जास्त नाही." मी सहा वेळा खोडून सातव्यांदा लिहिलं. कॉलेजच्या एकाही उत्तरपत्रिकेला मी इतका घाबरलो नव्हतो. त्यांनी ते वाचलं आणि एक शब्द खोडायला लावला. मी "निश्चितच" लिहिलं होतं. "तू गोदामात होतास?" त्यांनी विचारलं. मी तिथे "बहुधा" लिहिलं. बाकी सगळं त्यांनी तसंच ठेवलं. एक प्रत संगीताबरोबर पोस्टाने गेली. दुसरी त्यांनी स्वतःजवळ ठेवली.

मार्चमध्ये ते नोकरी सोडून निघाले. रेकॉर्डिंगला स्वतः उभे राहणार होते, आणि यूनचा पत्ता शोधून त्याच्याकडे जाणार होते. इकबालभाईंनी त्यांना विमानतळावर सोडलं, मी बरोबर होतो. आत जाताना त्यांनी आम्हा दोघांना कमरेत वाकून नमस्कार केला. आम्हाला काय करावं कळेना, म्हणून आम्हीही वाकलो. बाजूने जाणारे लोक बघत होते.

त्यानंतर त्यांचं एकच पत्र आलं. पुढच्या वर्षी कंपनीच्या ऑफिसात कळलं की हानसाहेब सोलमध्ये वारले. ते पत्र इंग्रजीत आहे, त्यांच्या बोलण्यासारखंच तुटक. रेकॉर्डिंग चांगलं झालं. नवीन वादक खूप चांगले. बाई नदीपलीकडे पोचली तेव्हाच संगीत संपलं, एक सेकंद इकडे नाही, तिकडे नाही. त्यानंतर यूनबद्दल लिहिलं आहे. समुद्राकाठच्या एका गावात त्याचं वह्या-पेन्सिलींचं दुकान होतं. हानसाहेब दुकानात गेले आणि माझा कागद त्याच्यापुढे ठेवला. यूनने इंग्रजी येणाऱ्या नातीला बोलावून तो वाचून घेतला, दोनदा. मग घडी करून परत हानसाहेबांच्या हातात दिला आणि म्हणाला, "मी सुरात होतो हे मला त्याच दिवशी माहीत होतं. हा कागद तू ठेव. तुला लागेल." आणि नातीला हानसाहेबांसाठी जेवणाचं ताट आणायला सांगितलं.